भंगारात घालण्याआधी तो डबा दाखवा

पावसाच्या तोंडावर आपल्याकडे घरं शाकारतात, कौलं फेरतात. त्या दिवसांत माळ्यावरची अडगळ अंगणात येते आणि तिच्यातली निम्मी परत वर चढत नाही. दिवाळीच्या साफसफाईलाही तेच होतं. पेठ, करंजाळी, जोगमोडी, कोहोर, शेजारचं हरसूल, त्र्यंबक, दिंडोरी आणि थेट नाशिकच्या पंचवटीपर्यंतच्या घरांना माझी हात जोडून विनंती आहे. या अडगळीत पत्र्याचा गंजलेला चपटा गोल डबा निघाला, आत दोन्ही कडांना भोकं असलेल्या फितीचं भेंडोळं असलं, किंवा एखाद्या वहीत दुमडून ठेवलेली सिनेमाची जुनी जाहिरात सापडली, तर ती वस्तू भंगारवाल्याच्या तराजूवर ठेवू नका. चुलीत घालू नका. आधी जाणत्या माणसाला दाखवा.

एवढं कळवळून मागण्यासारखं त्यात काय आहे, हे नीट सांगायला हवं.

दादासाहेब फाळके, म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके, ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरला जन्मले. ते आपल्या शेजारच्या गावचे. ३ मे १९१३ रोजी मुंबईत गिरगावच्या कोरोनेशन थिएटरात त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, हे शाळेतलं पोरगंही सांगेल. पण त्याच वर्षी त्यांनी बिऱ्हाड, कॅमेरा आणि माणसं घेऊन नाशिक गाठलं आणि पुढची कितीतरी वर्षं हिंदुस्थानचा सिनेमा नाशकात घडत होता, ही गोष्ट आपल्या जिल्ह्यातही फार थोड्यांना ठाऊक असते. कॅमेरा विलायतेहून आणलेला, बाकी सगळं हातानं. कच्च्या फिल्मला कडेची भोकं पाडण्याचं काम सरस्वतीबाई फाळके रात्री अंधारात बसून करत, आणि दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक रांधत. १ जानेवारी १९१८ ला भांडवलदार भागीदारांसह हिंदुस्थान फिल्म कंपनी उभी राहिली. ती १९३० च्या दशकाच्या सुरुवातीला बंद पडेपर्यंत तिनं शंभराच्या घरात मूकपट काढले. एकट्या दादासाहेबांच्या नावावर पंच्याण्णव चित्रपट आणि सव्वीस-सत्तावीस लघुपट सांगितले जातात. १६ फेब्रुवारी १९४४ ला ते गेले, तेही नाशकातच.

या सगळ्यातलं आज आपल्यापाशी काय आहे? ‘राजा हरिश्चंद्र’ ३७०० फूट लांबीचा होता, चार रिळांचा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यातलं पहिलं आणि शेवटचं रीळ आहे, मिळून १४७५ फूट. मधली दोन रिळं गेली. बरं, जे आहे ते तरी १९१३ चं आहे का? फाळक्यांनी १९१७ मध्ये हीच कथा पुन्हा चित्रित केली होती, आणि हाती असलेली रिळं त्या दुसऱ्या चित्रपटाची आहेत असं काही अभ्यासकांचं साधार म्हणणं आहे. ते खरं असेल तर ज्या चित्रपटामुळे आपण ३ मे साजरा करतो, त्याची एक चौकटही आज पृथ्वीच्या पाठीवर कुणाला दिसलेली नाही. ‘लंका दहन’ने १९१७ मध्ये इतकी गर्दी खेचली की तिकिटांची नाणी बैलगाडीत घालून पहाऱ्यात न्यावी लागली, अशी आठवण सांगतात. त्या चित्रपटात राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंके यांनी एकट्यानं केल्या होत्या. त्याचा एक तुकडा उरलाय. ‘श्रीकृष्णजन्म’चाही तुकडाच. त्यातल्या त्यात नशीब ‘कालिया मर्दन’चं. १९१९ चा हा चित्रपट, त्यात बाळकृष्ण झालेली फाळक्यांची लेक मंदाकिनी, आणि सहा हजार फुटांपैकी साडेचार हजारांच्या जवळपास शिल्लक. ती पोर पाण्यात उतरते, कालियाशी झुंजते, आणि शंभर वर्षांनंतरही पाहणाऱ्याचा श्वास अडकतो. एवढ्या तुकड्यांवरून जर ही करामत कळते, तर जे गेलं ते काय असेल?

मला सगळ्यात जास्त हळहळ वाटते ती ‘मोहिनी भस्मासूर’ची. नाशकात बिऱ्हाड आणल्यावरचा हा पहिला चित्रपट. त्यात कमलाबाई मोहिनी झाल्या, पुढे त्या कमलाबाई गोखले म्हणून ओळखल्या गेल्या. त्यांच्या आई दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या. ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामती पुरुषानं केली होती, कारण कॅमेऱ्यासमोर उभी राहायला बाई मिळेना. ती कोंडी या मायलेकींनी फोडली. हिंदुस्थानच्या कथापटात पहिल्यांदा बाई नाचली ती या चित्रपटात, असं सांगतात. ३२४५ फुटांचा तो चित्रपट पूर्णपणे नाहीसा झाला आहे. आपल्या भागात बोहाडा पाहिलेल्या माणसाला मोहिनी आणि भस्मासूर वेगळे समजावून सांगायला नकोत. पेठ-सुरगाणा-हरसूलच्या बोहाड्यात गणपती, शारदा, मारुती, रावण अशी सोंगं वाद्यांच्या तालावर रात्रभर नाचतात. मुखवटा जुना झाला की पुन्हा रंगवतात, कुजला की नवा करतात, बापानंतर मुलगा तेच सोंग घेतो, आणि म्हणून ती कथा जिवंत राहते. फिल्मला ती सोय नाही. कमलाबाईंचं ते नाचणं एकदाच घडलं आणि ते फक्त त्या फितीवर होतं. शेवटची प्रत गेली की ते पुन्हा कुणालाही करून दाखवता येत नाही.

आणखी एक गोष्ट मनाला लागून राहते. फाळक्यांच्या लघुपटांच्या यादीत गोदावरीच्या देखाव्यांचा पट नोंदलेला आहे. ब्रह्मगिरीच्या पायथ्याशी जन्मलेल्या माणसानं शंभर वर्षांपूर्वी टिपलेली वाहती गोदा! काँक्रिटच्या आधीचे घाट, तेव्हाचं पाणी, तेव्हाच्या बायाबापड्या. नाशिककरांना आपली नदी कशी होती ते सांगणारा याहून मोठा साक्षीदार कोणता असेल? तोही आज कुठे नाही.

आता एक अवघड भाग. हरवलेल्या चित्रपटांच्या शेजारीच अशा चित्रपटांची रांग आहे, जे पुरे झाले की नाही हाच प्रश्न आहे. नाशकात आल्यावर फाळक्यांनी आधी नल-दमयंतीची कथा घेतली होती. तयारी सुरू झाली आणि चित्रीकरणाआधीच ती बाजूला पडून ‘मोहिनी भस्मासूर’ हाती घेतला गेला. पहिल्या महायुद्धात पैशाची चणचण असताना ‘राजा श्रियाळ’ सुरू झाला आणि अडकला. श्रियाळ-चांगुणा आणि चिलयाबाळाची कथा आपल्या आयाबायांनी ओव्यांत गायलेली, तिची चार चित्रं तरी फिल्मवर उतरली होती का? फाळक्यांच्याही आधी पाटणकर आणि त्यांच्या सोबत्यांनी १९१२ च्या सुमारास ‘सावित्री’ चित्रित केला. त्याची हकीकत अशी नोंदली गेली आहे की फिल्म धुतल्यावर ती कोरी निघाली. म्हणजे कलावंतांनी काम केलं, कॅमेरा फिरला, मेहनत झाली, आणि चित्रपट मात्र झालाच नाही. दादासाहेब तोरण्यांचा ‘पुंडलिक’ १८ मे १९१२ रोजी त्याच कोरोनेशनमध्ये लागला, ‘राजा हरिश्चंद्र’च्या जवळजवळ वर्षभर आधी. तो रंगमंचावरच्या नाटकाचं चित्रण होता म्हणून त्याला पहिला भारतीय कथापट म्हणावं की नाही, यावर वर्षानुवर्षं वाद चालू आहे. वाद मिटत नाही, कारण वाद घालणाऱ्या कुणीही तो चित्रपट पाहिलेला नाही. हाती आहे ती वर्तमानपत्रातली जाहिरात आणि नंतर सांगितलेल्या आठवणी.

म्हणूनच मी फिल्मइतकाच कागदासाठी पदर पसरतो आहे. चित्रपटांसाठी सरकारी सेन्सॉर बोर्ड मुंबईत १९२० मध्ये आलं. त्यानंतर निदान सरकारी दप्तरात चित्रपटाचं नाव आणि लांबी तरी टिपली जाऊ लागली. त्याआधीच्या चित्रपटांची नोंद ठेवणारं कुणीच नव्हतं. १९१२ ते १९२० मधला एखादा चित्रपट खरोखर झाला होता, हे सिद्ध करायला आज वर्तमानपत्रातल्या जाहिराती, हँडबिलं, कंपनीचे कागद आणि माणसांची पत्रं एवढंच साधन आहे. एका चतकोर हँडबिलावर चित्रपटाचं नाव, गाव, तारीख, तिकिटाचा दर आणि रिळांची संख्या असते. जत्रेतल्या कनातीत लावलेल्या खेळाचं असं एक हँडबिल सापडलं, तर न झालेल्या मानलेल्या चित्रपटाचं नाव झालेल्यांच्या यादीत जातं. कंपनीत सुतारकाम, रंगकाम, शिवणकाम केलेल्या एखाद्या माणसानं घरी पाठवलेल्या कार्डावर ‘सध्या अमक्या चित्राचं काम चालू आहे’ अशी एक ओळ असली, तरी इतिहासकाराचं वर्षाचं काम होतं. वही-खात्यातली मजुरीची नोंद, पोशाखात काढलेला जुना फोटो, काचेच्या फोटो-प्लेटा, हिशेबाचे कागद, सगळं मोलाचं आहे.

ही फिल्म गेली कुठे, याचं उत्तर ऐकून वाईट वाटतं. हिंदुस्थानात तेराशेच्या वर मूकपट झाले आणि त्यातले आज दोन-तीन डझनही धड उरलेले नाहीत. १९३१ मध्ये ‘आलम आरा’ बोलला आणि मूकपटाचं बाजारमूल्य रातोरात संपलं. फिल्मच्या थरात चांदी असते. ती काढून घेण्यासाठी रिळांच्या राशी किलोवर विकल्या गेल्या. कुठे तुकडे करून पोरांना खेळायला दिले. त्या काळची फिल्म नायट्रेटची होती. ती जुनी झाली की आपोआप कुजते आणि पेटली तर पाण्यातही विझत नाही. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी स्वतः कॅमेरा तयार करून ‘सैरंध्री’ काढला, ‘सिंहगड’ काढला, ‘सावकारी पाश’ काढला. शेतकऱ्याच्या कर्जाची गोष्ट सांगणारा तो १९२५ चा मूक ‘सावकारी पाश’ आज आपण पाहू शकत नाही. जे जतन केलं होतं तेही पुरतं सुरक्षित नव्हतं. ८ जानेवारी २००३ ला पुण्यात प्रभातच्या जुन्या आवारातल्या नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागली आणि पाच हजारांहून अधिक रिळं एका दिवसात गेली. इतकं झाल्यावर जे कुठे उरलं असेल ते कोठारांबाहेर, कुणाच्या लक्षातही नसलेल्या जागी उरलं असेल, असं मी मानतो.

इथे आपल्या पेठचा संबंध येतो. कुणी म्हणेल, नाशिक सोडून हा डोंगराकडचा तालुका कशाला? तर जगात हरवलेले चित्रपट बहुतेक वेळा राजधानीत सापडत नाहीत. कॅनडाच्या टोकाला डॉसन सिटी नावाचं सोन्याच्या खाणीचं गाव आहे. चित्रपटाची प्रत गावोगाव फिरत शेवटी तिथं पोहोचायची, आणि परत पाठवण्याचा खर्च कुणाला परवडायचा नाही. रिळं साठली, शेवटी पोहण्याच्या जुन्या हौदात भरून बुजवली गेली. १९७८ मध्ये तिथं खोदकाम चालू असताना ५३३ रिळं निघाली. गोठलेल्या जमिनीनं ती सांभाळली होती. ‘जोन ऑफ आर्क’वरचा दिग्दर्शक ड्रायरचा मूकपट, ज्याची मूळ निगेटिव्ह आगीत गेली होती, १९८१ मध्ये नॉर्वेतल्या एका मनोरुग्णालयाच्या कपाटात मिळाला. आणि १९१९ मध्ये कलकत्त्यात तयार झालेल्या ‘बिल्वमंगल’चा भाग पॅरिसच्या संग्रहालयात निघाला, तो २०१६ मध्ये पुण्यात आला. शेवटच्या स्टेशनावर उतरलेली प्रत परत जात नाही, तिथंच राहते. नाशिकहून पेठमार्गे धरमपूर-वापीकडे जाणारी वाट हा आपला घाटातला शेवटचा टप्पाच आहे. मूकपटाचं यंत्र हातानं फिरवायचं, दिवा गॅसचाही चालायचा, वीज लागत नसे. त्यामुळे वीज पोहोचण्याच्या कितीतरी आधी फिरते खेळवाले आडगावच्या जत्रांपर्यंत जाऊ शकत. ते थकले, कर्जात बुडाले, कुठेतरी मुक्कामाला राहिले. त्यांची यंत्रं आणि डबे त्या-त्या गावातच कुणाच्या तरी गोठ्यात, कुणाच्या तरी देवळाच्या कोठीत गहाण पडले असतील.

आपल्या हवेची मला काळजी वाटते, हेही सांगतो. आपल्याकडे बर्फ नाही. चार महिने धो धो पाऊस, ओल, मग मार्च-एप्रिलचा उकाडा, आणि आता कौलांच्या जागी पत्रे आलेले. नायट्रेटला याहून वाईट घर मिळणार नाही. पण सागवानी पेटीत, घट्ट झाकणाच्या पितळी डब्यात, जाड भिंतीच्या कोठीत जपलेल्या वस्तू टिकल्याची उदाहरणं प्रत्येक जुन्या घरात आहेत. कागद तर नक्कीच टिकला असेल. मात्र दर पावसाळ्यागणिक तो कमी होतोय. जुनी घरं पाडून स्लॅबची घरं उभी राहत आहेत, ते योग्यच आहे, माणसांना चांगलं घर हवं. पण घर पाडण्याच्या आदल्या दिवशी माळा एकदा डोळ्यांखालून घाला, एवढंच मागतो.

सापडलं तर काय करायचं ते नीट ऐका, कारण यात जिवाला धोका आहे. फिल्म साधारण साडेतीन सेंटिमीटर रुंद असते. जुनी नायट्रेट फिल्म कुजू लागली की पिवळसर-तांबूस पडते, चिकट होते, उग्र आंबूस वास येतो, मग फेस आल्यासारखी फुगते आणि शेवटी तपकिरी भुकटी होते. भुकटी झालेला डबा सगळ्यात धोक्याचा. फिल्म कोणत्या जातीची आहे हे पाहायला काडी लावून बघण्याची खोड काहींना असते, ती अजिबात नको. चुलीपासून, विडीपासून, उन्हापासून दूर, सावलीतल्या हवेशीर जागी ठेवा. हवाबंद प्लॅस्टिकमध्ये गुंडाळू नका. भेंडोळं उलगडायचा प्रयत्न करू नका, चिकटलेले पदर ओढले की त्यावरचं चित्र निघून येतं. पोस्टानं पाठवू नका, एस.टी.त पिशवीत घालून नेऊ नका. डब्याचा, त्यावरच्या चिठ्ठीचा आणि फितीच्या बाहेरच्या टोकाचा मोबाइलवर फोटो काढा. तो डबा घरात कधीपासून आहे, कुणी आणला, हे घरातल्या म्हाताऱ्या माणसाकडून विचारून लिहून ठेवा. मग पुण्यातल्या लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा. १९६४ मध्ये सुरू झालेली ही संस्था आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. मुंबईची फिल्म हेरिटेज फाउंडेशन ही संस्थाही अशी कामं करते. न्यायचं कसं ते त्यांनाच ठरवू द्या. वस्तू तुमची आहे, ती दाखवल्यानं तुमची मालकी जात नाही. लेखी पावती घेतल्याशिवाय कुणालाही काही देऊ नका. ‘आम्ही संग्रहालयाकडून आलो’ म्हणत दारात येणाऱ्याला तर आधी ओळखपत्र मागा.

पी. के. नायर या एका माणसानं संग्रहालयाच्या सुरुवातीच्या काळात दारोदार फिरून ‘राजा हरिश्चंद्र’ आणि ‘कालिया मर्दन’ची रिळं संग्रहात आणली. आज आपण फाळक्यांचं जे काही पाहतो ते त्या पायपिटीमुळे. पण पुण्याचा माणूस आपल्या एकेका पाड्यावर कसा पोहोचणार? हे काम इथल्यांनाच करावं लागेल. पेठच्या महाविद्यालयातल्या इतिहास आणि मराठीच्या विद्यार्थ्यांनी उन्हाळी सुटीत आपापल्या गावात चार म्हाताऱ्या माणसांकडे जाऊन विचारावं: जत्रेत पहिला सिनेमा कधी पाहिला, कोण घेऊन यायचं, कुठं तंबू लागायचा, यंत्र कोण फिरवायचं, शेजारी पेटी-तबला वाजायचा का. मूकपट स्वतः पाहिलेली पिढी गेली, पण त्यांच्या मांडीवर बसून ऐकलेली पिढी अजून आहे. नाशिकच्या जुन्या थिएटरांच्या मालकांनी, फोटो स्टुडिओवाल्यांनी, हिंदुस्थान फिल्म कंपनीत काम केलेल्यांच्या वारसांनी आपली कपाटं उघडावीत.

महापालिकेकडेही मागणं आहे. पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. तिथं कारंजी आणि बाग असावीत, पोरांनी खेळावंही. पण दादासाहेबांच्या नावाच्या जागेत त्यांच्या कंपनीच्या कागदपत्रांसाठी ओल न येणारी एक खोली, एक स्कॅनर आणि पगारावर नेमलेला एक जाणकार असायलाच हवा. धोकादायक नायट्रेट तिथं ठेवू नये, ते पुण्यालाच जावं. इथं कागद, फोटो, आठवणींचं ध्वनिमुद्रण आणि उरलेल्या चित्रपटांच्या प्रती असाव्यात, आणि त्या जिल्ह्यातल्या कुठल्याही शाळेला मागितल्यावर दाखवायला मिळाव्यात. पेठच्या आश्रमशाळेतल्या पोरीनं मंदाकिनीला कालियाच्या फण्यावर नाचताना पाहिलं पाहिजे. त्र्यंबक-नाशिकच्या तीर्थोपाध्यांनी पिढ्यान् पिढ्यांच्या यात्रेकरूंची नावं आपल्या चोपड्यांत जपली आहेत. कुठल्या गावचा कोण, कधी आला, हे ते आजही काढून दाखवतात. ज्या जिल्ह्याला हे जमलं त्याला एका कंपनीच्या चित्रपटांची चोपडी जमणार नाही, हे मला मान्य नाही.

१ मे ला गावोगाव ग्रामसभा असते आणि दोन दिवसांनी ३ मे येतो. त्यानंतर लगेच शाकारणीची घाई सुरू होते. त्या ग्रामसभेत सरपंचांनी, ग्रामसेवकांनी किंवा शाळेच्या मास्तरांनी पाच मिनिटं मागून घ्यावीत आणि हा विषय वाचून दाखवावा: फिल्मचा डबा कसा ओळखायचा, त्याला आगीपासून दूर कसं ठेवायचं, कुणाला कळवायचं. ग्रामपंचायतीच्या फळ्यावर तेवढंच लिहावं. भंगार गोळा करत फिरणाऱ्या भावांनाही सामील करून घ्या. सगळ्यात जास्त माळे त्यांच्याच नजरेखालून जातात, आणि त्यांना डब्यामागे भंगारापेक्षा चार पैसे जास्त दिले तर ते सरळ शाळेत येऊन कळवतील. ज्यांच्याकडे काही निघेल त्यांनी ‘हे किरकोळच असेल’ असं म्हणून थांबू नये. किरकोळ आहे की नाही, ते पाहणाऱ्याला ठरवू द्या. तुम्ही फक्त ते पावसाच्या आधी बाहेर काढा.